पॅलेस्ट्रिनाने संगीत ‘वाचवलं’ नाही

2025 हे पॅलेस्ट्रिना या सोळाव्या शतकातल्या इटालियन संगीतकाराचं पाचशेवं जन्मवर्ष धरलं गेलं, आणि तेव्हापासून त्याच्याबद्दलचा एक मजकूर संगीतप्रेमींच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर फिरतो आहे. माझ्याकडे तो तीनदा आला. तिसऱ्यांदा पाठवणाऱ्या जुन्या मैत्रिणीने खाली लिहिलं होतं, ‘वाचून अंगावर काटा आला.’ तिला फोनवर उत्तर द्यायला घेतलं आणि ते इतकं लांबलं की शेवटी लिहूनच काढायचं ठरवलं.

मजकूर थोडक्यात असा. सोळाव्या शतकात ट्रेंटच्या धर्मपरिषदेत कॅथलिक चर्चने ठरवलं की पॉलिफनी, म्हणजे चार-पाच वेगवेगळ्या सुरावटी एकाच वेळी गाण्याची पद्धत, चर्चमधून हद्दपार करायची. हुकूम तयार होता. पोप मार्सेलसने एका गरीब, विरक्त संगीतकाराला शेवटची संधी दिली. त्याने एका रात्रीत, देवदूतांच्या तोंडून ऐकून, एक मिस्सा, म्हणजे कॅथलिक चर्चच्या मुख्य प्रार्थनाविधीचं संगीत, लिहिली. ती ऐकून कार्डिनलांच्या, म्हणजे पोपखालच्या बड्या धर्माधिकाऱ्यांच्या, डोळ्यांत पाणी आलं आणि हुकूम रद्द झाला. ती रात्र नसती तर बाख, मोझार्ट, बेथोव्हेन कुणीच झाले नसते.

गोष्ट सुंदर आहे, यात वाद नाही. मी एका हौशी गायकवृंदात बरीच वर्षं आल्टो, म्हणजे बायकांचा खालचा आवाज, गाते आणि ज्या मिस्सेबद्दल हे सगळं चाललंय ती ‘मिस्सा पापे मार्चेल्ली’, म्हणजे पोप मार्सेलसची मिस्सा, मी गायले आहे. तिच्यातल्या सहा आवाजांपैकी एक माझा होता. ज्या माणसाने हे लिहिलं त्याच्या कष्टांवर असा चमत्काराचा मुलामा चढवलेला मला बघवत नाही. कारण त्याने खरोखर जे केलं ते एका रात्रीचं काम नव्हतं, आणि ते या गोष्टीत कुठेच दिसत नाही.

आधी तारखा, कारण सगळी इमारत तिथेच ढासळते. मार्सेलस दुसरा 9 एप्रिल 1555 रोजी पोप म्हणून निवडला गेला आणि 1 मे 1555 रोजी वारला. त्याची कारकीर्द जेमतेम तीन आठवड्यांची. ट्रेंटच्या परिषदेत संगीताचा विषय निघाला तो सप्टेंबर 1562 मध्ये. मधे सात वर्षं गेली, दोन पोप बदलले, आणि गादीवर पायस चौथा होता. मार्सेलसने परिषदेच्या हुकमापासून संगीत वाचवायला कुणाला संधी देणं शक्यच नव्हतं.

मग मिस्सेला त्याचं नाव का? इथे एक खरी घटना आहे, आणि मला ती त्या चमत्कारापेक्षा जास्त आवडते. 12 एप्रिल 1555 हा गुड फ्रायडे होता आणि मार्सेलसच्या कारकिर्दीचा तिसरा-चौथा दिवस. त्या दिवसाची प्रार्थना झाल्यावर पोपने आपल्या गायकांना बोलावून घेतलं आणि सांगितलं, की ख्रिस्ताच्या दुःखाच्या दिवशी त्या दिवसाला शोभेल असं गा, आणि शब्द ऐकू येतील, कळतील असं गा. ट्रेंटच्या परिषदेचा सचिव अँजेलो मास्सारेल्ली याच्या रोजनिशीत ही नोंद आहे. आणि पॅलेस्ट्रिना तेव्हा त्याच गायकवृंदात होता, जानेवारीतच त्याला तिथे घेतलं होतं. हुकूम नाही, धमकी नाही, शेवटची संधी नाही. नव्या पोपने गायकांना केलेली एक साधी सूचना. ती एका तिशीच्या गायकाच्या मनात राहिली असेल आणि बारा वर्षांनी छापलेल्या मिस्सेवर त्याने त्या पोपचं नाव घातलं असेल, असं मला वाटतं. हा माझा अंदाज आहे, पण त्याला तारखांचा आधार आहे.

आता बंदीचा हुकूम. ट्रेंट, इटालियनमध्ये ट्रेंतो, हे उत्तर इटलीतलं आल्प्सच्या कुशीतलं शहर. मार्टिन लूथरनंतर चर्चमध्ये पडलेल्या फुटीला उत्तर द्यायला 1545 मध्ये तिथे परिषद भरली आणि मधे खंड पडत पडत 1563 पर्यंत चालली. तिच्यापुढे श्रद्धेचे, संस्कारांचे, बिशपांच्या गैरवर्तनाचे असे ढीगभर प्रश्न होते. संगीत हा त्यातला अगदी छोटा विषय. 10 सप्टेंबर 1562 रोजी एक मसुदा मांडला गेला, त्यात म्हटलं होतं की गायन नुसतं कानाला सुखवण्यासाठी नको, शब्द सगळ्यांना स्पष्ट कळतील असं हवं. आठवड्याने, 17 सप्टेंबरला, जो ठराव प्रत्यक्ष मंजूर झाला त्यात शब्द कळण्याचा हा मुद्दासुद्धा उरला नाही. उरलं ते एवढंच: ऑर्गनमधून किंवा गायनातून ज्यात काही कामुक किंवा अशुद्ध मिसळलेलं आहे असं संगीत चर्चच्या बाहेर ठेवा. पॉलिफनी हा शब्द नाही, बंदी तर नाहीच. पुढच्या वर्षी नोव्हेंबरमध्ये परिषदेने संगीताचे तपशील प्रांतोप्रांतीच्या धर्मसभांवर सोपवून टाकले.

विरोध करणारे कुणीच नव्हते असं मात्र नाही. मधल्या काळात सुधारणांच्या एका यादीत हा प्रश्न होता, की मनापेक्षा कानाला रिझवणारं हे गुंतागुंतीचं गायन मिस्सेतून काढून टाकावं का. ऑगस्ट 1563 मध्ये पवित्र रोमन साम्राज्याचा सम्राट फर्डिनंड पहिला याने आपलं मत कळवलं की ते काढू नये, त्याने माणसाच्या मनात भक्ती जागते. तो मुद्दा मंजूर झालाच नाही. म्हणजे ज्याला जेवढं श्रेय द्यायचं तेवढं द्यायचं असेल, तर त्यातलं थोडं या सम्राटाला दिलं पाहिजे, आणि त्याला एकही सूर लिहावा लागला नाही.

आणखी एक गोष्ट. परिषद ट्रेंटमध्ये बसलेली असताना तिच्या यशासाठी खास प्रार्थना गायल्या जात होत्या. ऑग्सबुर्गचा कार्डिनल ऑटो याने त्या याकोबुस द केर्ले या फ्लेमिश संगीतकाराकडून बसवून घेतल्या होत्या आणि 1562 मध्ये त्या व्हेनिसमध्ये छापल्या गेल्या. त्या पॉलिफनीत आहेत. ज्या सभेने पॉलिफनी बुडवायचं ठरवलं होतं असं मजकूर सांगतो, ती सभा पॉलिफनीतली प्रार्थना ऐकत होती. शब्द स्वच्छ ऐकू येतील अशी, गुंता कमी ठेवलेली पॉलिफनी. पॅलेस्ट्रिनाच्या मिस्सेच्या छपाईआधी पाच वर्षं.

‘पोपने संगीतावर बंदी घातली’ हे वाक्य लोकांना इतकं सहज का पटतं, याचं एक कारण त्याच्याही आधीचं आहे. 1324-25 च्या सुमारास पोप जॉन बाविसावा याने, तेव्हा पोप जिथे राहत त्या आव्हिन्योंहून, खरंच एक कडक पत्रक काढलं होतं. नव्या पद्धतीचे गायक मूळ चर्चगीताचे तुकडे करतात, सूर उचक्यांसारखे तोडतात, कान माजवतात, अशी त्याची तक्रार होती. पण त्यातही सणावारी मूळ गीतावर अष्टक, पंचम, चतुर्थ अशा संवादी स्वरांची भर घालायला मुभा होती. आणि पुढे काय झालं? त्याच शतकात फ्रान्समध्ये रॅंसच्या कॅथेड्रलशी जोडलेल्या गियोम द माशोने चार आवाजांची संपूर्ण मिस्सा लिहिली. 25 मार्च 1436 रोजी फ्लॉरेन्सचं कॅथेड्रल पवित्र केलं तेव्हा स्वतः पोप युजीन चौथा हजर होता आणि त्या प्रसंगासाठी गियोम द्युफाईने लिहिलेलं गीत अत्यंत गुंतागुंतीचं होतं. जोस्कां दे प्रे हा नामवंत संगीतकार पोपच्याच गायकवृंदात गायला. सिस्टिन चॅपेलमध्ये गायकांच्या सज्जाच्या भिंतीवर कोरलेलं त्याचं नाव सापडलं आहे. चर्चने तक्रार करावी, आणि चर्चनेच पैसे देऊन ते संगीत लिहून घ्यावं, हे दोन्ही शेजारी-शेजारी चालू होतं.

‘कार्डिनलांच्या डोळ्यांत पाणी आलं.’ इथे थांबावंसं वाटतं, कारण या वाक्यामागे एक खरी खोली, खरे गायक आणि एक खरा दिवस आहे.

परिषद संपल्यावर पायस चौथ्याने ठराव अमलात आणायला कार्डिनलांची एक समिती नेमली. तिच्यातले कार्लो बोर्रोमेओ आणि व्हितेल्लोझ्झो व्हितेल्ली हे दोघे पोपच्या गायकवृंदाचं बघत होते. 28 एप्रिल 1565 च्या नोंदीत पोपचे गायक आपल्या दैनंदिनीत लिहितात, की कार्डिनल व्हितेल्लींच्या सांगण्यावरून आम्ही त्यांच्या घरी जमलो, काही मिस्सा गायलो आणि शब्द कळतात का याची परीक्षा झाली. बस्स. कुणाच्या मिस्सा, कोणत्या, हे तिथे लिहिलेलं नाही. अश्रूंचा उल्लेख नाही. पॅलेस्ट्रिना त्या वेळी त्या गायकवृंदात नव्हताही. दहा वर्षांपूर्वीच त्याला तिथून काढलं होतं. ती हकिगत पुढे सांगते.

मला ते दृश्य आवडतं ते त्याच्या कोरडेपणामुळे. कुणी रडत नाही, कुणी गुडघ्यांवर बसत नाही. धर्माधिकारी बसून ऐकताहेत आणि प्रश्न एकच: शब्द कळतोय का? तेव्हा गायकांपुढे आजच्यासारखा सगळे आवाज एकाखाली एक दाखवणारा कागद नसे. एका मोठ्या ग्रंथात प्रत्येक आवाजाची ओळ पानाच्या वेगळ्या कोपऱ्यात लिहिलेली असे आणि सगळे त्याच एका ग्रंथाभोवती उभे राहून गात. आपल्या डोळ्यांसमोर फक्त आपली ओळ. बाकीच्यांचं सगळं कानाने.

आता मिस्सा पापे मार्चेल्लीत शब्द कसे बसवलेत ते जवळून बघा. मिस्सेचे पाच मुख्य भाग असतात. पहिला किरीए. त्यात शब्दच मोजके: प्रभू दया कर, ख्रिस्ता दया कर, प्रभू दया कर. ते सगळ्यांना पाठ. म्हणून तिथे पॅलेस्ट्रिना मोकळा आहे. सुरावट एका स्वरावर जराशी थबकते, वर उडी घेते आणि मग पायरीपायरीने खाली उतरते. एक आवाज ती सुरू करतो, ती पुरी व्हायच्या आत दुसरा तीच उचलतो, मग तिसरा. सहा आवाज एकमेकांत गुंफले जातात आणि शब्द त्या गुंफणीत विरघळला तरी काही बिघडत नाही.

मग ग्लोरिया आणि क्रेडो येतात. हे लांब मजकूर, श्रद्धेची एकेक ओळ मोजून मांडलेली. इथे तो एकदम पद्धत बदलतो. सहाही आवाज एकाच वेळी फार कमी गातात. त्यांतले चार निवडतो, ते चौघं तेच अक्षर एकाच वेळी उच्चारतात, ओळ संपते. पुढची ओळ दुसरेच चौघं घेतात. कधी वरचे आवाज, कधी खालचे. ऐकणाऱ्याला वाटतं, गर्दीतला एक गट बोलला, मग दुसऱ्याने उत्तर दिलं. सगळे सहा एकत्र येतात तेव्हा ती ओळ आपोआप मोठी होते. क्रेडोमध्ये ख्रिस्ताला क्रुसावर चढवल्याची ओळ आली की फक्त चारच आवाज उरतात, आणि त्या विरळपणात प्रत्येक शब्द ऐकू येतो. आल्टो गाताना मला हे शरीराने कळलं: किरीएमध्ये मी माझ्या ओळीवर लक्ष ठेवून असते, ग्लोरियात मात्र शेजारणीच्या ओठांकडे बघत, तिच्याबरोबर व्यंजन टाकायला शिकावं लागतं. जरा जरी मागे पडलं तर शब्द फाटतो.

आणि शेवटी, आन्युस देई या पाचव्या भागाच्या दुसऱ्या तुकड्यात, तो सहावरून सात आवाजांवर जातो आणि त्यात कॅनन बांधतो, म्हणजे एका आवाजाने गायलेली ओळ दुसऱ्याने थोड्या अंतराने जशीच्या तशी म्हणायची. केवळ कार्डिनलांना खूश करायला लिहिणाऱ्याने मिस्सेचा शेवट असा केला नसता. शब्द कुठे पुढे यायला हवेत आणि कुठे सुरांना वाट द्यायला हवी, याचा त्याने भागागणिक विचार केलेला दिसतो. देवदूताकडून एका रात्रीत ऐकून घेतलेलं संगीत असं तोलून-मापून केलेलं नसतं.

ही मिस्सा 1567 मध्ये त्याच्या मिस्सांच्या दुसऱ्या पुस्तकात छापली गेली. पुस्तक स्पेनचा राजा फिलिप दुसरा याला अर्पण केलंय. अर्पणपत्रिकेत पॅलेस्ट्रिना लिहितो की अतिशय गंभीर आणि धार्मिक वृत्तीच्या माणसांच्या मताला अनुसरून आपण मिस्सा नव्या रीतीने सजवायचा प्रयत्न केला आहे. नव्या रीतीने, एवढंच. बंदी, परिषद, पोपची आज्ञा, संगीताचा बचाव यातलं अक्षरही त्यात नाही. ज्याने खरंच संगीत वाचवलं असतं त्याने युरोपातल्या सर्वात बलाढ्य राजापुढे ते सांगितलं नसतं का? आणि तीनच वर्षांनी, 1570 च्या तिसऱ्या पुस्तकात, त्याने ‘शस्त्रधारी माणूस’ या जुन्या लौकिक गाण्याच्या चालीवर बेतलेली मिस्सा उघडपणे नावासकट छापली. लौकिक चालींवर मिस्सा रचणं ही तर सुधारणावाद्यांची आवडती तक्रार होती.

शब्द कळावेत म्हणून झटणारा तो एकटाही नव्हता. मिलानच्या कॅथेड्रलचा संगीतप्रमुख व्हिन्चेन्झो रुफ्फो याच्याकडून बोर्रोमेओने 1565 मध्ये शक्य तितकी स्पष्ट शब्दांची मिस्सा मागवली आणि 1570 मध्ये रुफ्फोने परिषदेच्या ठरावाला धरून रचलेल्या मिस्सा छापल्या. त्यात आवाज बहुतेक वेळ एकत्रच चालतात. शब्द पॅलेस्ट्रिनापेक्षाही स्वच्छ ऐकू येतात. संगीत म्हणून मला त्या पॅलेस्ट्रिनाच्या जवळपासही वाटत नाहीत, पण परीक्षा फक्त शब्दांची असती तर पहिला नंबर रुफ्फोचा आला असता.

आता तो ‘गरीब, विरक्त’ माणूस. जोव्हान्नी पिएर्लुईजी हे त्याचं नाव. पॅलेस्ट्रिना हे रोमजवळचं त्याचं गाव. लहानपणी रोमच्या सांता मारिया माज्जोरेमध्ये गायक मुलगा, 1544 मध्ये आपल्याच गावच्या कॅथेड्रलमध्ये ऑर्गनवादक, 1547 मध्ये लुक्रेत्सिया गोरीशी लग्न, पुढे तीन मुलगे. त्याच्या गावचा बिशप 1550 मध्ये ज्युलियस तिसरा या नावाने पोप झाला आणि त्याने पुढच्याच वर्षी या तरुणाला रोमला बोलावलं. 1555 च्या जानेवारीत पोपच्या खास गायकवृंदात त्याला परीक्षा न घेता घेतलं, लग्न झालेलं असूनही. त्याच वर्षी पॉल चौथा गादीवर आला आणि त्याने विवाहित गायकांना काढून टाकलं. तिघं होते, त्यातला एक पॅलेस्ट्रिना. निवृत्तिवेतन दिलं, पण नोकरी गेली. घरात बायको-मुलं असलेल्या माणसाला चर्चने दिलेला हा खरा धक्का होता, आणि या खऱ्या दुखऱ्या जागेबद्दल फिरत्या मजकुरात एक ओळ नाही.

तो गप्प बसला नाही. आधी सेंट जॉन लॅटरन, मग सांता मारिया माज्जोरे, मग रोमन सेमिनरी, कार्डिनल इप्पोलितो द’एस्तेची नोकरी, आणि 1571 पासून मरेपर्यंत सेंट पीटरचा जुलिया गायकवृंद. 1568 मध्ये व्हिएन्नाच्या सम्राटाच्या दरबारातून बोलावणं आलं. पॅलेस्ट्रिनाने इतका पगार मागितला की बोलणी फिसकटली. 1583 मध्ये मांतुआच्या ड्यूकच्या बाबतीत पुन्हा तसंच झालं. 1572 ते 1580 या आठ वर्षांत त्याचे दोन मुलगे, भाऊ आणि शेवटी बायको गेली. खचून त्याने धर्मगुरू व्हायचं ठरवलं, पहिल्या पायरीची दीक्षाही घेतली. आणि मग 1581 मध्ये विर्जीनिया दोर्मोली या विधवेशी लग्न केलं. तिच्या पहिल्या नवऱ्याचा फरच्या कातड्यांचा धंदा होता. पॅलेस्ट्रिनाने त्यात लक्ष घातलं, पैसा आला, आणि पुढच्या तेरा वर्षांत त्याची पुस्तकांमागून पुस्तकं छापली गेली. एकशेचार मिस्सा, तीनशेहून जास्त मोतेत, म्हणजे छोटी लॅटिन भक्तिगीतं, आणि मद्रिगाल म्हणजे प्रेमगीतंही शेकडा भरतील एवढी. 2 फेब्रुवारी 1594 रोजी तो वारला तेव्हा शवपेटीवर त्याला ‘संगीताचा राजा’ म्हटलं होतं. पगारासाठी ताणून धरणारा, शोकाने कोसळणारा, पुन्हा संसार थाटणारा, धंदा बघणारा माणूस होता तो. विरक्तीचा शिक्का मारून त्याला छोटा करू नये.

‘एका रात्रीत, देवदूतांच्या तोंडून’ या दाव्याला फार वेळ देत नाही. हे दृश्य हान्स फिट्झनर या जर्मन संगीतकाराच्या ऑपेरातलं आहे. ‘पॅलेस्ट्रिना’ हेच तिचं नाव, आणि ती 12 जून 1917 रोजी म्युनिकमध्ये ब्रूनो वॉल्टरच्या संचालनाखाली पहिल्यांदा झाली. रंगमंचावर देवदूत येतात आणि संगीतकार लिहून घेतो. नाटकाने ते करावं, पण ते इतिहास म्हणून फिरवू नये.

गोष्टीचं मूळ मात्र त्याहून जुनं आहे. आगोस्तिनो आगात्सारी या सिएनाच्या संगीतकाराने 1607 मध्ये, पॅलेस्ट्रिना जाऊन तेरा वर्षं झाल्यावर, आपल्या एका छोट्या पुस्तकात लिहिलं की एका पोपने चर्चमधून संगीत जवळजवळ घालवलंच असतं, पण दोष संगीताचा नसून रचनाकारांचा आहे हे पॅलेस्ट्रिनाने ही मिस्सा लिहून दाखवलं. ध्यानात घ्या, आगात्सारीचं पुस्तक बास सुरावरून साथ कशी वाजवावी याबद्दल आहे, आणि जुन्या गुंतागुंतीच्या पद्धतीविरुद्ध नव्या पद्धतीची बाजू मांडताना हे वाक्य येतं. 1828 मध्ये पोपच्या गायकवृंदाचा प्रमुख ज्युसेप्पे बाइनी याने पॅलेस्ट्रिनाचं मोठं चरित्र लिहिलं आणि तिथे या गोष्टीला सविस्तर रूप मिळालं. मग ऑपेरा. मग आपले फोन.

राहिलं शेवटचं वाक्य: नाहीतर बाख झाला नसता. समजा परिषदेने खरंच बंदी घातली असती, तरी ती बाखपर्यंत पोचली कशी असती? बाख लूथरच्या परंपरेतल्या चर्चसाठी लिहीत होता, आणि ट्रेंटचे ठराव तिथे लागूच नव्हते. विटेनबर्गमध्ये 1524 साली, परिषद भरायच्या एकवीस वर्षं आधी, योहान वॉल्टरने अनेक आवाजांत बांधलेल्या भक्तिगीतांचं पुस्तक लूथरच्याच प्रस्तावनेसह काढलं होतं. तिथून बाखपर्यंतची वाट सरळ आहे आणि ती रोमवरून जात नाही. गंमत नव्हे, आनंदाची गोष्ट ही की बाखला पॅलेस्ट्रिना माहीत होता: 1742 च्या सुमारास लाइपझिगमध्ये त्याने पॅलेस्ट्रिनाच्या एका सहा आवाजांच्या मिस्सेचे पहिले दोन भाग वाद्यांच्या साथीसह बसवले.

बंदी काय असते ते पाहायचं तर झुरिककडे बघावं. तिथे सुधारक झ्विंग्लीने, जो स्वतः उत्तम वादक होता, 1525 पासून प्रार्थनेतलं गायनच थांबवलं आणि 1527 मध्ये ग्रॉसम्युन्स्टर चर्चचा ऑर्गन मोडून काढला. किंवा इंग्लंडकडे. एलिझाबेथच्या राज्यात कॅथलिक मिस्सा करणं हाच गुन्हा होता, तरी विल्यम बर्डने 1592 ते 1595 च्या दरम्यान तीन मिस्सा छापल्या. त्यांना मुखपृष्ठच नाही, म्हणजे छापणाऱ्याचं नाव नको, साल नको, गाव नको. कुणाच्या तरी घरात, दारं लावून, तीन-चार जणांनी गाण्यासाठी. खऱ्या बंदीतही संगीत असं टिकलं.

आपल्या जवळ गोव्यात बघा. 1567 मध्ये, मिस्सा पापे मार्चेल्ली छापली त्याच वर्षी, ट्रेंटचे ठराव लागू करायला गोव्यात पहिली प्रांतिक धर्मसभा भरली. त्यानंतरही गोव्याच्या चर्चमधलं अनेक आवाजांचं गायन बंद झालं नाही. चर्चच्या शाळांतून मेस्त, म्हणजे संगीतशिक्षक, मुलांना सोल्फा, म्हणजे पाश्चात्त्य सारेगम, आणि व्हायोलिन शिकवत राहिले, आणि त्याच शाळांतून तयार झालेले वादक पुढे मुंबईच्या सिनेमांच्या ऑर्केस्ट्रांत बसले.

शेवटी एक पत्र सांगते. मांतुआचा ड्यूक गुल्येल्मो गोन्झागा हौसेने संगीत रचत असे. त्याने आपलं एक मोतेत पॅलेस्ट्रिनाकडे तपासायला पाठवलं होतं. 3 मार्च 1570 रोजी पॅलेस्ट्रिनाने उत्तर लिहिलं. नीट बघता यावं म्हणून मी ते सगळे आवाज एकाखाली एक मांडून घेतले, असं तो सांगतो, कौतुक करतो, काही जागा दुरुस्त करायला सुचवतो. आणि मग म्हणतो, की एकाच सुरावटीची अनुकरणं इतकी दाट झाली आहेत की ऐकणाऱ्याला शब्द जरा झाकल्यासारखे होतात.

परिषद सहा वर्षांपूर्वी संपली होती, मार्सेलस पंधरा वर्षांपूर्वी गेला होता. समोर कार्डिनल नव्हते, एक हौशी ड्यूक होता, आणि एका मोतेतमधले काही शब्द.